पीएस-टूवरचे दोन ड्रॅगन बॉल : कोण कोणाचा वारस?

सातरस्ता_८९ : मालक लोकांनो, घरातलं एक भांडण मिटवा. भाच्यानं 'स्पार्किंग! झीरो' घेतलाय, ड्रॅगन बॉल या जपानी कार्टूनवरचा मारामारीचा व्हिडिओ गेम. मी म्हणालो, हा आपल्या 'बुडोकाई ३'चाच पुढचा भाग. दाजी म्हणतात, काहीतरीच! गेम पार्लरमध्ये पीएस-टूवर, म्हणजे टीव्हीला जोडायच्या प्लेस्टेशन-टूवर, दोन गेम होते एवढं आठवतंय. एकात दोघं बाजूनं दिसायचे, दुसऱ्यात आपल्या हिरोची, गोकूची पाठ.

जुना_पार्लरवाला : दाजी बरोबर आहेत. बाजूनं दिसायचा तो 'बुडोकाई', डिम्प्स कंपनीनं केलेला, २००२ ते २००४ मध्ये तीन भाग. पाठ दिसायची तो 'बुडोकाई तेनकाइची', स्पाइक कंपनीचा, २००५ ते २००७. जपानात याचं नाव 'स्पार्किंग!', म्हणजे 'झीरो' याचाच पुढचा भाग. बाहेर विकताना बुडोकाईचं नाव चिकटवलं, तिथंच सगळा घोळ.

सोलापुरात जोडभावी पेठेत माझे चार पीएस-टू होते, तासाला दहा रुपये. धंद्याला बुडोकाई बरा. एकवीस इंची टीव्ही दोघांनाही पुरायचा. तेनकाइचीत कॅमेरा पाठीमागं, म्हणजे पडद्याची वाटणी आलीच. अर्ध्या पडद्यात दिसत नाही म्हणून पोरं कुरकुरायची, आणि उद्या परत तोच लावायला सांगायची! का, तर तिसऱ्या भागात बदललेली रूपं धरून १६१ पात्रं. शिवाय दोघांनी सोडलेले किरण भिडले की रिमोटवरची स्टिक गरगर फिरवायची. माझे किती रिमोट त्यात गेले, मोजदाद नाही. लोडशेडिंगमध्ये लढत अर्धवट राहिली की पैसे परत मागायचे ते वेगळंच.

कॅसेटप्रेमी : पडद्याची वाटणी तेनकाइचीनं आणली असं नका समजू. सुपर फॅमिकॉम या निन्टेन्डोच्या जुन्या गेमयंत्रावरचा १९९३ चा 'सुपर बुतोदेन' बघा. चित्रं सपाट, पण दोघं लांब गेले की पडदा मधोमध दुभंगतो, जवळ आले की सांधतो. एकमेकांपासून मैलभर उडणारी माणसं एका चौकटीत कशी बसवायची, याला तेव्हा सापडलेलं ते उत्तर. मला तर अजून तेच सगळ्यात देखणं वाटतं.

जुना_पार्लरवाला : हे मला माहीत नव्हतं बे. आणि गंमत बघा, २०२४ मध्ये 'स्पार्किंग! झीरो' निघाला तेव्हा एका टीव्हीवर दोघांनी खेळायचं तर एकच मैदान होतं, ती पांढरी काळखोली, कार्टूनमध्ये गोकू सराव करतो ती.

सातरस्ता_८९ : तरीच भाचा मला दरवेळी तिथंच नेऊन मारतो! दाजींना अजून सांगितलेलं नाही. जोडभावीतलं पार्लर म्हणजे लोखंडी खुर्च्यांचं का हो?

जुना_पार्लरवाला : तेच. कोपऱ्यातला निळा रिमोट तुम्हीच तोडला होता का?