उपवासाचं कुणी विचारलंच नाही: डॉक्टरांकडून आपल्याला नेमकं काय हवंय?

जांबोटीची लेक
गेल्या आषाढीला आईला भोवळ आली. दरदरून घाम, हात थरथरत होते, बोलणं तुटक. शेजारच्या काकूंनी साखरपाणी पाजलं म्हणून सावरली. नंतर उलगडा झाला. मधुमेहाची गोळी, ग्लिमेपिराइड, तिनं रोजच्यासारखी सकाळी घेतली होती आणि एकादशीचा कडक उपवासही धरला होता. ही गोळी घेऊन पोटात काही गेलं नाही की रक्तातली साखर एकदम उतरू शकते.

बेळगावच्या एका दवाखान्यातून घरी सोडताना तिला सगळं 'सांगितलं' होतं, कानडीत. सिस्टर 'ऊटद मुंचे' म्हणाली, आईनं मान हलवली. ऊटद मुंचे म्हणजे जेवणाआधी, एवढं तिला कळतं. पण जेवायचंच नसेल त्या दिवशी गोळीचं काय करायचं, हे तिला कानडीत विचारता येईना. आणि उपवास धरता का, हे तिला कुणी विचारलं नाही. खानापूरकडच्या साठीच्या बाईला!

माझी मागणी एवढीच: चिठ्ठी लिहून झाल्यावर दोन मिनिटं कळेल अशा भाषेत बोला. यंत्रं, एसी खोल्या नंतर बघू.

चिकोडीचा डॉक्टर
ताई, आईंचं वाचून वाईट वाटलं. पण सगळं खापर आमच्यावर फोडू नका. मी सरकारी आरोग्य केंद्रात आहे, मराठी माझी घरची भाषा. बाजाराच्या दिवशी रांग गेटच्या बाहेर जाते, रजिस्टर भरायची ती वेगळीच. बरं, कुठं दुखतंय विचारलं तर निम्मे म्हणतात, "सुई मारा, सलाईन लावा." नुसतं बोलून, तपासून पाठवलं तर बाहेर जाऊन म्हणतात, डॉक्टरनं काहीच केलं नाही. माझा कलबुर्गीचा सहकारी इथं येऊन मराठी शिकला, आज आज्ज्यांशी मराठीतच बोलतो. भाषा हा अर्धाच प्रश्न आहे.

सीमाभागातली दुसरी अडचण कुणी बोलत नाही. आपले लोक एक फाईल इथली ठेवतात, एक मिरजेची नाहीतर कोल्हापूरची, आणि एका डॉक्टरला दुसऱ्याची दाखवत नाहीत. रागावतील म्हणून. परवा एका आजोबांच्या पिशवीत एकच औषध दोन कंपन्यांच्या नावानं निघालं. दोन्ही गोळ्या रोज चालू होत्या.

निपाणीकर
तुम्ही दोघं बोलण्यावर अडकलाय. आमच्या घरात आजारपण आलं की पहिला प्रश्न पैशाचा. बीपीएल कार्डावर आयुष्मान भारत–आरोग्य कर्नाटकमध्ये कुटुंबाला वर्षाला 5 लाखांपर्यंत उपचार आहेत, पण तातडीचं नसेल तर आधी सरकारी दवाखान्याची रेफरची चिठ्ठी लागते. हे खाजगीत दाखल झाल्यावर कळतं. 2023 मध्ये महाराष्ट्रानं फुले जनआरोग्य योजना सीमाभागातल्या 865 गावांना लागू करायचं ठरवलं, तर त्यावरून दोन सरकारांतच जुंपली. गोड बोलणारा डॉक्टर नको मला. खर्च किती येईल ते दाखल करायच्या आधी सांगणारा हवा.

जांबोटीची लेक
निपाणीकर, खर्च आधी सांगणं हेही बोलणंच की!

डॉक्टरसाहेब, दोन फायलींचं खरं आहे, आमच्याही घरी आहेत. पण तुमच्या बाजूच्या चुकाही थोड्या बघा. डॉक्टरांसाठी 2002 ची नियमावली आहे. पेशंटनं मागितल्यापासून 72 तासांत कागद द्यावेत, औषधाचं मूळ नाव लिहावं, असं त्यात आहे. आम्ही आईचे कागद मागितले तर "कशाला पाहिजेत?" असं विचारलं. चिठ्ठीवर कंपनीचंच नाव, तेही कुणाला लागत नाही अशा अक्षरात. मग दोन गोळ्या एकच आहेत हे आजोबांना कसं कळणार? आणि लपवतात कशाला? एकदा ओरडा खाल्लेला असतो म्हणून.

चिकोडीचा डॉक्टर
अक्षराचं आणि मूळ नावाचं मान्य. ओरडण्याचंही. दुपारी दोननंतर माझाही आवाज चढतो.

एक कबूल करतो. रमजान जवळ आला की साखरेच्या मुस्लिम पेशंटांना मी आवर्जून बोलावतो, गोळ्यांच्या वेळा बदलून देतो. एकादशी, संकष्टी, सोमवार धरणाऱ्यांना मात्र आजवर कधी विचारलं नाही. माझी स्वतःची आई संकष्टी धरते, तरी.

सलाईनच्या हट्टाचं माझं म्हणणं मात्र तसंच आहे. आणि ताई, पुढची एकादशी यायच्या आत आईंच्या दोन्ही फायली एकाच डॉक्टरपुढं ठेवा. गोळी मनानं बंद करू नका, उपवासाच्या दिवशी काय करायचं ते त्यांच्याकडून मराठीत कागदावर लिहून घ्या.