ठिपक्यांची छोटी मुशी आणि आपल्या तळ्यांतले मिशावाले मासे: नाते काय आणि अधिवास इतके वेगळे का?

प्रश्न: फुटाळाकाठ (नागपूर)

नमस्कार. मी नागपुरातील एका कनिष्ठ महाविद्यालयात जीवशास्त्र शिकवते. यंदाच्या विज्ञान प्रदर्शनासाठी माझ्या विद्यार्थ्यांनी ‘तळाशी राहणारे मासे’ हा विषय निवडला आहे. युरोपच्या किनाऱ्यावर सापडणाऱ्या ठिपकेदार छोट्या शार्कची, म्हणजे सिलिओऱ्हायनस कॅनिक्युला या मुशीची, काही छायाचित्रे त्यांनी जमवली असून तिच्या शेजारी आपल्याकडचे मागूर आणि शिंगी हे मिशावाले मासे (कॅटफिश) दाखवावेत असे त्यांच्या मनात आहे. दोन्ही मासे तळालगत वावरतात, दोन्ही रात्री हिंडतात आणि दोघांच्याही अंगावर बोटाला जाणवतील असे खवले नाहीत, त्यामुळे हे एकमेकांचे नातलग असावेत असा वर्गातील बहुतेकांचा समज झालेला आहे.

त्यावरून निघालेल्या एका प्रश्नाचे उत्तर मला नीट, कारणांसह द्यायचे आहे. नाग नदीचे पाणी कन्हानमध्ये, तेथून वैनगंगेत, प्राणहितेत आणि गोदावरीत जाऊन शेवटी बंगालच्या उपसागराला मिळते. पाण्याची वाट जर अशी सलग आहे, तर त्या वाटेने एखादी मुशी आपल्याकडे का येत नाही, आणि मिशावाले मासे मात्र समुद्रातही आणि तळ्यातही कसे आढळतात? शिवाय विदर्भातील या माशांच्या अधिवासांविषयी प्रत्यक्ष पाहिलेले कोणी लिहिले, तर मुलांना पुस्तकापलीकडचे काही मिळेल.

उत्तर: खाडीपलीकडे (रत्नागिरी)

ताई, प्रथम नात्याविषयी. मुशी हा कूर्चेचा, म्हणजे कानाच्या पाळीत असते तशा लवचिक द्रव्याचा, सांगाडा असलेला मासा आहे आणि मागूर हाडांचा. या दोन शाखा एकमेकींपासून ४० कोटी वर्षांपेक्षाही आधी वेगळ्या झालेल्या आहेत, त्यामुळे वंशाच्या दृष्टीने मागूर हा मुशीपेक्षा रोहूला किंवा मरळीला कितीतरी जवळचा आहे. खवल्यांचे म्हणाल, तर मिशावाल्या माशांना ते खरोखरच नसतात. मुशीच्या कातडीवर मात्र अतिशय बारीक, दातांच्याच घडणीचे काटे असतात. डोक्याकडून शेपटीकडे हात फिरवला तर कातडी गुळगुळीत लागते आणि उलट फिरवला तर कानशीसारखी खरखरीत लागते. विद्यार्थ्यांना एवढे एक करून पाहू द्या, फरक सांगावा लागणार नाही.

तुम्ही म्हणता ती ठिपक्यांची मुशी भारतात नाही. नॉर्वे आणि ब्रिटिश बेटांपासून भूमध्य समुद्र आणि पुढे आफ्रिकेच्या सेनेगालपर्यंत तिचा वावर आहे. लिनियसने १७५८ साली तिचे शास्त्रीय वर्णन केले. ती जेमतेम मीटरभर वाढते, भूमध्य समुद्रात तर त्याहूनही लहानच राहते. किनाऱ्याजवळच्या उथळ पाण्यापासून सुमारे ४०० मीटर खोलीपर्यंत, वाळूच्या, बारीक खड्यांच्या किंवा चिखलाच्या तळावर ती दिवसभर पडून असते आणि रात्री खेकडे, कोळंबी, शिंपले, किडे आणि छोटे मासे टिपते. श्वास घेण्यासाठी तिला सतत पोहावे लागत नाही, कारण तोंडाच्या हालचालीने ती कल्ल्यांवरून पाणी फिरवू शकते; तळावर पडून राहण्याचे जीवन तिला त्यामुळेच जमते. तपकिरी पाठीवरचे गडद ठिपके वाळूखड्यांत मिसळून जातात. तिचा अधिवास समजायचा असेल तर तिची अंडी पाहावीत. मादी शिंगासारख्या टणक द्रव्याच्या पिशवीत एकेक अंडे घालते, पिशवीच्या चारही कोपऱ्यांना लांब वळलेले तंतू असतात आणि समुद्रशेवाळाभोवती फिरत ती ते तंतू गुंडाळते. पिल्लू बाहेर पडायला पाण्याच्या तापमानाप्रमाणे पाच ते अकरा महिने लागतात. एवढा काळ अंडे जागच्या जागी टिकायचे, तर तळावर शेवाळ किंवा फांद्याफांद्यांचे स्थिर जीव असायलाच हवेत. तळ खरवडणारी जाळी हाच आधार ओढून नेतात.

आपल्या पश्चिम किनाऱ्यावर तिच्याशी जीवनक्रमाने मिळतीजुळती म्हणजे बांबू शार्क, अर्थात चिलोसिलियम. तीही तळाशी राहते आणि अंडी घालते, आणि करड्या बांबू शार्कच्या पिल्लांच्या अंगावरचे गडद पट्टे वाढत्या वयात पुसट होत जातात. तुमच्या प्रयोगशाळेत बहुधा स्कोलिओडॉन असेल, कारण भारतातील महाविद्यालयांत पिढ्यानपिढ्या तीच विच्छेदनासाठी वापरली गेली. ती अंडी न घालता पिल्लांना जन्म देते आणि तिच्या अंगावर ठिपकेही नसतात. प्रदर्शनातील तक्त्यात या तिघींना एकाच रकान्यात घालू नये, अशी माझी आग्रहाची विनंती आहे.

तरीही मुलांनी या दोन माशांना शेजारी बसवले यात मला तथ्य दिसते, फक्त त्याचे कारण वेगळे आहे. गढूळ पाण्यात, अंधारात आणि चिखलात दडलेले भक्ष्य शोधायचे तर डोळे पुरत नाहीत, आणि या दोन्ही वंशांनी त्यावर एकच उपाय स्वतंत्रपणे मिळवलेला आहे: दोघांनाही सजीवांच्या शरीरातून निघणारी अत्यंत क्षीण वीज जाणवते. १९७१ साली काल्माइन या शास्त्रज्ञाने नेमक्या याच ठिपकेदार मुशीवर प्रयोग प्रसिद्ध केले. वाळूत पुरलेला चपटा मासा त्याने आगरच्या (समुद्रशेवाळापासून केलेल्या जेलीच्या) पेटीत ठेवला, म्हणजे वास थेट पोहोचणार नाही पण वीज आरपार जाईल. मुशीने तरीही नेमक्या त्याच जागी वाळू उकरली. वर प्लास्टिकचा पातळ पापुद्रा पसरून वीज अडवली तेव्हा तिला मासा सापडेना, आणि नुसती विद्युतअग्रे (वीज सोडणारी टोके) पुरली तेव्हा ती त्यांच्यावरच तुटून पडली. मिशावाल्या माशांविषयी तर १९१७ सालीच पार्कर आणि व्हॅन ह्यूसन यांनी दाखवले होते की डोळे झाकलेला मासा धातूची कांडी काही अंतरावरूनच ओळखतो, पण काचेची कांडी अंगाला लागेपर्यंत त्याला कळत नाही. यात पाण्याचाही हात आहे. खाऱ्या पाण्यात मुशीच्या या संवेदकांच्या नळ्या लांब असतात आणि गोड्या पाण्यातील मिशावाल्या माशांत अगदी आखूड असतात. पण प्लोटोसस हा समुद्रात राहणारा मिशावाला मासा पाहिला, तर त्याच्या नळ्या मुशीसारख्याच लांब झालेल्या आढळतात.

आणखी एक गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही. २०१३ साली ऑस्ट्रेलियातील संशोधकांनी बांबू शार्कच्या अंड्यांवर केलेल्या अभ्यासात असे दिसले, की शिकाऱ्यासारखे विद्युतक्षेत्र जवळ आणले की पिशवीतील पिल्लू कल्ल्यांची हालचाल थांबवून निपचित राहते.

उत्तर: क्षारजल (पुणे)

नदीच्या वाटेविषयीचा प्रश्न फार चांगला आहे. पाण्याची वाट सलग असली तरी मिठाची वाट सलग नाही, हे त्याचे मुख्य उत्तर.

समुद्राच्या एक लिटर पाण्यात सुमारे ३५ ग्रॅम क्षार असतात. हाडांच्या समुद्री माशांचे रक्त त्याहून बरेच कमी खारट असल्याने त्यांच्या अंगातील पाणी सतत बाहेर जाते. ते समुद्राचे पाणी पितात आणि जादा मीठ कल्ल्यांतून बाहेर टाकतात. मुशीने निराळा मार्ग धरला आहे. इतर प्राणी टाकून देतात तो युरिया ती रक्तात साठवून ठेवते, त्यामुळे तिच्या रक्ताची एकूण तीव्रता समुद्राच्या पाण्याइतकी किंवा किंचित जास्तच राहते आणि तिला पाणी पिण्याची गरज पडत नाही. एवढ्या युरियाने प्रथिने बिघडू नयेत म्हणून ट्रायमिथाइल अमाइन ऑक्साइड नावाचे दुसरे द्रव्यही ती बाळगते, आणि जादा मीठ गुदाशयाजवळच्या एका खास ग्रंथीतून काढून टाकते. आता हीच मुशी गोड्या पाण्यात आली अशी कल्पना करा. बाहेर क्षार जवळजवळ नाहीत आणि आत युरिया व मीठ भरलेले, म्हणजे बाहेरचे पाणी अंगात लोटत राहणार आणि मीठ निसटत जाणार. ठिपकेदार मुशीची मूत्रपिंडे आणि कल्ले हा भार पेलण्यासाठी घडलेले नाहीत.

शार्क गोड्या पाण्यात मुळीच येत नाही असे मात्र लिहू नका. बुल शार्क युरियाचे प्रमाण घटवून आणि भरपूर पातळ लघवी करून नद्यांमध्ये दूरवर जाते, आणि गंगेच्या मुखाकडील प्रदेशात ग्लायफिस गँगेटिकस ही नदीची शार्क नोंदलेली आहे. ती आता अतिशय दुर्मीळ असून कायद्याने संरक्षित आहे. गोदावरीच्या वाटेवर याशिवाय भिंतीही आहेत. राजमहेंद्रीजवळचे धवळेश्वरम धरण १८५२ साली पूर्ण झाले, आणि समुद्रातून अंडी घालायला वर येणाऱ्या हिलसा माशाचीही वाट तेथे अडते. त्याच्या वर आणखी बंधारे, आणि आपल्या बाजूला पवनीजवळ वैनगंगेवरचे गोसीखुर्द धरण.

मिशावाल्या माशांचा व्याप मात्र प्रचंड आहे. त्यांच्या ३,००० हून अधिक जाती ज्ञात असून बहुतेक गोड्या पाण्यातील आहेत. कोकणात शिंगाळा म्हणतात तो समुद्री गट पाणी पिऊन मीठ बाहेर टाकणाऱ्या माशांपैकीच आहे. त्यातील नर फलित अंडी तोंडात धरून पिल्ले सुटी होईपर्यंत बहुतेक उपाशी राहतो. अशा नरांचे थवे जाळ्यात सापडले तर त्यांच्याबरोबर पुढची पिढीही जाते, आणि मला वाटते समुद्री मत्स्यव्यवसायातील ही सर्वांत दुःखद बाबींपैकी एक आहे.

उत्तर: वैनगंगातीर (भंडारा)

वरील दोन्ही उत्तरे वाचून आनंद झाला. विदर्भाकडचे मी लिहितो.

आपल्याकडे या माशांचे अधिवास ढोबळमानाने दोन: वाहते पाणी आणि साठलेले पाणी. गोदावरीच्या खोऱ्यातील मोठ्या नद्यांत, खडकाळ, वेगवान प्रवाहात बॅगॅरियस राहतो. त्याचे शरीर पुढून चपटे असते आणि तो तळाच्या दगडांना धरून असतो. खोल डोहांत शिवडा, म्हणजे वॅलॅगो अट्टू, हा मोठ्या तोंडाचा शिकारी दिसतो. धोक्यातील जातींच्या जागतिक यादीत तो आता असुरक्षित गटात आहे. रिटा आणि सिलोनिया हेही या खोऱ्यातलेच. धरणाच्या फुगवट्यात वेग संपतो आणि डोहातील दगडांवर गाळ बसतो, तेव्हा प्रवाहातील माशांना तेथे राहण्यासारखे काही उरत नाही. आंभोऱ्याला, जेथे पाच नद्यांचा संगम सांगतात, तेथे आज गोसीखुर्दचे थोपलेले पाणी आहे. नागपूरचे सांडपाणी नाग नदीतून त्याच पाण्यात येते. मासेमारी करणाऱ्या ढिवर बांधवांशी बोलले तर हा बदल कोणत्याही अहवालापेक्षा स्पष्ट कळतो.

साठलेल्या पाण्याचे खरे वैभव म्हणजे पूर्व विदर्भातील माजी मालगुजारी (पूर्वी मालगुजारांच्या, म्हणजे जमीनदारांच्या, ताब्यातले) तलाव. कोहळी समाजाने बांधलेले हे तलाव उथळ, उताराच्या काठांचे आणि पाणवनस्पतींनी भरलेले असतात. उन्हाळ्यात पाणी आटते, कोमट होते, त्यातील प्राणवायू कमी होतो, आणि अशा वेळी मागूर व शिंगी टिकतात. मागुराच्या कल्ल्यांच्या पोकळीत झाडाच्या फांद्यांसारखा एक अवयव असतो आणि शिंगीच्या कल्ल्यांपासून पाठीकडे दोन लांब हवेच्या पिशव्या जातात. दोघेही पृष्ठभागावर येऊन हवा घेतात. शिंगटी म्हणतात त्या मिस्टसला मात्र बऱ्यापैकी प्राणवायू असलेले पाणी लागते. गोंदिया जिल्ह्यात ढिवर समाजाच्या महिलांनी तलावांतील बेशरम ही माजणारी परदेशी वनस्पती काढून तेथे स्थानिक पाणवनस्पती लावण्याचे काम केले आहे. मुलांना एखादी सहल काढायची असेल तर असे तलाव दाखवावेत, कारण पाण्यात काय उगवते यावर तेथे काय पोहते हे किती अवलंबून आहे ते डोळ्यांना दिसते.

फुटाळाकाठ

सर्वांचे मनापासून आभार. दोन शंका उरतात. बाजारात जिवंत मागूर म्हणून मिळतो तो प्रदर्शनातील टाकीत ठेवता येईल का? आणि शोभिवंत माशांच्या दुकानात ‘शार्क’ म्हणून मिळणारा करडा, चपळ मासा मुशीचा नमुना म्हणून दाखवता येईल का?

वैनगंगातीर

दुसऱ्याचे उत्तर नाही असेच आहे. तो करडा मासा बहुधा पंगॅसियस असतो. मेकाँग आणि चाओ फ्राया नद्यांतला, मीटरभराहून मोठा होणारा आणि मिशावाल्यांच्याच कुळातला. मुशीच्या जागी तो ठेवला तर वर लिहिलेले सगळे पुसले जाईल. त्याला लहान टाकीत ठेवणेही क्रूरपणाचे आहे.

मागुराबाबत काळजी घ्या. बाजारात पुष्कळदा आफ्रिकी मागूर येतो. तो मीटरहून अधिक वाढतो, मिळेल ते खातो, आणि भारतात त्याच्या पालनावर बंदी आहे. देशी मागूर त्यामानाने लहानच राहतो आणि तो आता धोक्यात आलेल्या जातींत मोडतो, म्हणून प्रदर्शनासाठी त्याला तलावातून उचलून आणू नये. काचा साफ करणारा म्हणून विकला जाणारा दक्षिण अमेरिकेतील कवचाचा मासाही नको. असे मासे पुढे तलावात सोडले जातात, काठांत बिळे करतात आणि नंतर काढता येत नाहीत. तेलंगखेडीच्या मत्स्य विज्ञान महाविद्यालयात विचारून पाहा; ओळख पटलेले नमुने कोठे पाहता येतील ते तेथील प्राध्यापक सांगू शकतील.

मागूर त्याच्या जागी पाहायचा असेल तर पहिल्या मोठ्या पावसानंतर जावे. बांध ओसंडून धानाच्या शेतात पाणी शिरले की तो उथळ पाण्यात विणीसाठी चढतो, आणि ओल्या जमिनीवरून थोडे अंतर सरपटतोही. शिंगीला हात लावू देऊ नका, तिच्या कल्ल्यांमागच्या परांचे काटे विषारी असतात. काटा लागलाच तर जखम सोसवेल इतक्या गरम पाण्यात धरावी, त्याने वेदना कमी होते, आणि मग डॉक्टरांकडे न्यावे.