डेव्हिड शेपर्ड: पाद्र्याने क्रिकेटच्या राजकारणात पडावं का?

स्लिपमधला:
डेव्हिड शेपर्ड हा माझा फार आवडता माणूस. ससेक्सचा सलामीवीर, इंग्लंडकडून 22 कसोटी, 3 शतकं. 1955 मध्ये धर्मदीक्षा घेतली आणि पुढच्याच वर्षी ओल्ड ट्रॅफर्डवर ऑस्ट्रेलियाविरुद्ध 113 केल्या. जिम लेकरच्या 19 बळींपुढे त्या कुणाच्या लक्षात राहिल्या नाहीत. दीक्षा घेतल्यावर कसोटी खेळलेला दुसरा कुणी नाही. पण माझ्या लेखी त्याचं सर्वांत मोठं काम 1968 चं. बॅसिल डॉलिव्हेरा केप टाउनचा. वर्णभेदामुळे मायदेशात दारं बंद, म्हणून इंग्लंडला आला. ओव्हलवर ऑस्ट्रेलियाविरुद्ध 158 काढल्या, तरी दक्षिण आफ्रिकेच्या दौऱ्यातून वगळला गेला. पुढे दुखापतग्रस्त कार्टराइटच्या जागी त्याला घेतलं, तेव्हा दक्षिण आफ्रिकेचा पंतप्रधान फोर्स्टरने हा संघ नको म्हटलं आणि दौराच रद्द झाला. डिसेंबरमध्ये एमसीसीच्या, म्हणजे इंग्लंडचे परदेश दौरे काढणाऱ्या क्लबच्या, खास सभेत कारभाऱ्यांविरुद्ध ठराव मांडायला उभा राहिला तो शेपर्ड. अनुमोदन माइक ब्रिअर्लीचं. ठराव पडला, पण तो उभा राहिला हे महत्त्वाचं.

मिडऑन:
उभा राहिला हे मान्य, पण त्याचं श्रेय फुगवू नका. पाद्री हा सगळ्यांचा. सभासदांत त्याच्याच चर्चमध्ये प्रार्थनेला बसणारे असणार. इंग्लंडचा माजी कर्णधार पीटर मे त्याचा केंब्रिजपासूनचा मित्र, ह्या प्रकरणात दोघांत दुरावा आला. जोडणं ज्याचं काम, त्याने अशी फूट पाडावी का? आणि 1960 मध्ये आफ्रिकेचा संघ इंग्लंडला आला, तेव्हा ह्याने खेळायला जाहीर नकार दिला. तो चालू कारकिर्दीतला नव्हता, पूर्व लंडनच्या कॅनिंग टाउनमध्ये सेवाकेंद्र चालवत होता. रोज खेळून पोट भरणाऱ्याला असा नकार परवडला असता?

सांगलीकर:
मिडऑन, परवडण्याचा मुद्दा खरा आहे, पण मग ज्याला परवडतं त्यानेच आधी बोलायला हवं ना? दलित गोलंदाज पळवणकर बाळू आठवा. पुण्यात गोऱ्यांना नेटमध्ये तासन् तास गोलंदाजी करून करून तो तयार झाला. हिंदूंच्या संघात आला, तर चहाच्या वेळी त्याचा चहा पॅव्हिलियनबाहेर, मातीच्या वेगळ्या भांड्यात. चेंडू त्याच्या हातचा चालायचा, कप चालायचा नाही. त्याच्या बाजूने बोलणारे लोकही त्याच खेळातून, आतून पुढे आले, तेव्हा गोष्टी हलल्या. आतल्या माणसाचं बोलणं म्हणूनच लागतं. बाहेरच्याने निषेध केला तर "ह्याला क्रिकेट काय कळतं" म्हणून उडवून लावता येतं. ओव्हलवर 1952 मध्ये हजारेंच्या भारतीय संघाविरुद्ध 119 काढलेल्या शेपर्डला असं उडवता येत नाही. (हो, आपल्या सांगलीचे विजय हजारे!)

मिडऑन:
बाळूचं उदाहरण लागू पडतं, मानलं. पण शेपर्डचं खरं आयुष्य मैदानाबाहेरचं. कॅनिंग टाउनच्या गोदी कामगारांत तो 1957 पासून बारा वर्षं राहिला. पुढे 1975 ते 1997 लिव्हरपूलचा बिशप. प्रॉटेस्टंट आणि कॅथलिक एकमेकांची सावली टाळायचे त्या शहरात तो कॅथलिक आर्चबिशप डेरेक वर्लॉकबरोबर जिथे तिथे जोडीने जायचा. 1981 मध्ये टॉक्सटेथमध्ये दंगल पेटली, तेव्हाही हे दोघे तिथल्या लोकांसोबत होते. हे काम त्या एका सभेपेक्षा कितीतरी मोठं. तुम्ही क्रिकेटवाले सभाच घेऊन बसता.

स्लिपमधला:
पण दोन्हींचं मूळ एकच आहे, हेच तर म्हणतोय! 1962-63 चा मेलबर्न घ्या. पहिल्या डावात शून्य, झेलही सुटले. धर्मगुरू असून हात जोडता येत नाहीत का, असे टोमणे ऐकावे लागले. दुसऱ्या डावात 113 काढून इंग्लंडला विजयाच्या दारात नेलं आणि मग धावबाद झाला. मान खाली घालून बसून राहणं त्याच्या स्वभावातच नव्हतं. 1970 मध्ये आफ्रिकेचा इंग्लंड दौरा होऊ नये म्हणून पुन्हा पुढे आला, आणि तो दौरा रद्द झालाच.

मिडऑन:
रद्द झाला, तो सरकारने सांगितल्यावर. मला अजून वाटतं, बिशपच्या खुर्चीत बसणाऱ्याने बाजू घेताना दहादा विचार करावा.

सांगलीकर:
1968 मध्ये तो बिशप नव्हता, मिडऑन. वुलिचचा बिशप झाला 1969 मध्ये, सभा हरल्यानंतर.