चाळीस लाखांचं कर्ज २० वर्षं की ३०?

गोदाकाठची: नाशिकला गंगापूर रोडवर फ्लॅट ठरतोय. ४० लाखांचं कर्ज, ८.५ टक्के, फ्लोटिंग (म्हणजे बदलता) दर. एजंट म्हणतो ३० वर्षं घ्या, हप्ता ३०,७५७च येईल. २० वर्षांचा ३४,७१३ आहे. महिना चार हजार वाचतात म्हणून हे राजी आहेत. माझा जीव मात्र घाबरतोय.

आकडेमोड: ताई, हप्ता बघू नका, बेरीज बघा. २० वर्षांत व्याज ४३.३ लाख, ३० वर्षांत ७०.७ लाख. त्या चार हजारांपायी २७ लाख जास्त! शिवाय २० वर्षांच्या कर्जातही पहिल्या हप्त्यातले २८,३३३ रुपये व्याजच असतं, मुद्दल फक्त ६,३८० फिटतं. म्हणून सुरुवातीच्या वर्षांत जादा भरलेला पैसा सगळ्यात जास्त कामी येतो. दरवर्षी एक हप्ता जास्त भरलात तर २० वर्षांचं कर्ज तीन वर्षांहून अधिक आधी संपेल. फ्लोटिंगला त्यावर दंड नाही.

गोदाकाठची: मग २०च. दर वाढला तर?

सातपूरकर: बँका बहुतेक वेळा हप्ता तसाच ठेवून मुदत लांबवतात. २०२३पासून रिझर्व्ह बँकेचा नियम आहे, दर बदलला की हप्ता वाढवायचा की मुदत, हे विचारावंच लागतं. हप्ता वाढवून घ्या. आणि मुद्रांक शुल्क, नोंदणीचे पैसे हाताशी वेगळे ठेवा, ते कर्जात धरत नाहीत. घर तुमच्या एकटीच्या नावावर घेतलंत तर मुद्रांकात एक टक्का सवलत आहे, यजमानांशी बोला.