चर्चा : ज्या कलाकृतीला दुखतं, तिच्या कर्त्याला नमन करायचं का?

चांदणवेल
ओलाफ स्टेपल्डन यांची ‘स्टार मेकर’ ही 1937 सालची इंग्रजी कादंबरी परवा दुसऱ्यांदा वाचून संपवली, तेव्हापासून मनातून जात नाही. ज्यांनी वाचली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. एक माणूस रात्री घराजवळच्या टेकडीवर जाऊन बसतो. खाली वस्तीतले दिवे दिसत असतात. तिथून त्याचं मन देह सोडून अवकाशात निघतं. वाटेत इतर जगांतली मनं त्याला येऊन मिळतात आणि शेवटी या सगळ्यांचं मिळून एक विश्वमन होतं, ते निर्मात्यासमोर उभं राहतं. हा निर्माता कलाकार आहे. एकामागून एक विश्वं घडवत जातो, आपलं विश्व त्यांतलंच एक.

जिवंत कलाकृतीची याहून मोठी कल्पना माझ्या वाचनात नाही. इथले तारे जिवंत आहेत. त्यांचं आकाशात फिरणं म्हणजे त्यांनी आपणहून पत्करलेलं नृत्य. आपण ज्याला गुरुत्वाकर्षण म्हणतो, ती त्यांच्या लेखी नाचाची शिस्त. आणखी एका विश्वात तर जागाच नाही, नुसते स्वर आहेत, आणि तिथले जीव म्हणजे सुरावटी! त्या पानावर पुस्तक मिटून मी बराच वेळ नुसती बसून होते.

पण शेवट मला पटत नाही. विश्वमन प्रेमाच्या ओढीने जातं, आणि निर्माता त्याच्याकडे बघतो ते चित्रकाराने पुऱ्या झालेल्या चित्राकडे बघावं तसं. कुठे साधलं, कुठे फसलं, एवढंच. बेचिराख झालेली जगं म्हणजे त्या चित्रातला एखादा काळा फटकारा. तरीही निवेदक त्याला वंदन करतो. मी केलं नसतं.

सह्यवारा
असहमत. माझी आजी रोज पहाटे सडा घालून पंधरा ते आठ ठिपक्यांची रांगोळी काढायची. दहा वाजेपर्यंत सायकली, कोंबड्या आणि आम्हा पोरांच्या पायांनी ती विस्कटून गेलेली असे. दुसऱ्या दिवशी नवी. कालच्या रांगोळीसाठी ती कधी हळहळली नाही, म्हणून काही ती निष्ठुर नव्हती. स्टेपल्डनचा निर्माताही मागच्या विश्वात जे जमलं नाही ते पुढच्यात जमवायला बघतो. आपल्याकडे याला लीला म्हणतात आणि ते कुणाला खटकत नाही.

चांदणवेल
रांगोळीच्या ठिपक्याला दुखत नाही हो.

जात्यावरची
खटकत नाही कसं? आमच्या घरी वारी आहे. लहानपणापासून ऐकत आले ते असं की विठ्ठल जनीबरोबर दळायला बसतो, तिच्या गोवऱ्या वेचतो. लांबून बघणारा देव या लोकांना पुरला नाही, म्हणूनच त्यांनी त्याला जात्यापाशी आणून बसवलं. लीला शब्द आहेच, पण त्या लीलेत देवाच्याही तळहाताला घट्टे पडतात.

तिकडेही हे सगळ्यांना रुचलं नव्हतं. श्रद्धाळू ख्रिस्ती लेखक सी. एस. लुईस यांनी विज्ञानकथाकार आर्थर क्लार्क यांना लिहिलेल्या पत्रात या शेवटाला चक्क सैतानपूजा म्हटलं होतं. मी एवढ्या टोकाला जाणार नाही, पण त्यांना काय टोचलं ते कळतं.

दगडीपाटी
पुस्तक कुणी आणि कधी लिहिलं तेही बघा. स्टेपल्डन यांनी पहिल्या महायुद्धात बंदूक धरली नाही. क्वेकर या युद्धविरोधी ख्रिस्ती पंथाच्या मंडळींच्या रुग्णवाहिका पथकात ते फ्रान्सच्या आघाडीवर गाडी चालवत होते, जखमी वाहून नेत होते. पुस्तक आलं तेव्हा स्पेन यादवी युद्धात पेटलेलं होतं आणि युरोपवर पुढचं संकट येतंय हे प्रस्तावनेतच लिहिलेलं आहे. या माणसाला जात्याला हात लावणारा देव लिहिता आला नाही, तर मी त्याला बोल लावणार नाही.

2021 च्या एप्रिलमध्ये मी वडिलांच्या खाटेशेजारी बसून ऑक्सिमीटरवरचे आकडे उतरताना पाहिले. 88, मग 84, मग 79. बोट पुसून पुन्हा लावलं तरी तेच. त्या दिवसांत “देव आहे पाठीशी” असं जो तो म्हणत होता आणि मला ते ऐकवत नव्हतं. हे पुस्तक त्यानंतर वाचलं. त्यातला थंड नजरेचा निर्माता मला खरा वाटला, आणि लेखकाने तो गोड करून दाखवला नाही याबद्दल मी त्याचा ऋणी आहे.

राहिलं वंदन. नारळी पौर्णिमेला कोळी समुद्राला नारळ वाहतात. होड्या कुणी गिळल्या हे त्यांना ठाऊक नसतं का?

चांदणवेल
तुमच्या बाबांचं वाचून थबकले. तुमच्या त्या रात्रीपुढे माझा वाद नाही.

पुस्तकापुरतं मात्र बोलते. त्यात तारे आणि ग्रह यांच्यातल्या युद्धाचा भाग आठवा. ग्रहांवरचे लोक आपला तारा हवा तिकडे वळवू लागतात, त्याची नाचातली वाट मोडते, तेव्हा तारे भडकून उठतात आणि वसलेले ग्रह जाळून टाकतात. ग्रहांवर मनं आहेत याचा त्या ताऱ्यांना पत्ताच नसतो. एकमेकांची ओळख पटल्यावर तेच तारे ग्रहांना सोबती मानतात. समुद्राला होडीतला माणूस दिसत नाही, म्हणून त्याला हात जोडता येतात. निर्मात्याला सगळं दिसतं. ताऱ्यांना जे उमगलं ते त्याला उमगत नाही, की उमगूनही तो थांबत नाही?

दगडीपाटी
थांबत नाही, हेच लेखकाला छळतंय. शेवटचं पान बघा. सुरुवातीला टेकडीवर घड्याळाचा एक ठोका पडलेला असतो. कोट्यवधी वर्षांचा सगळा प्रवास होऊन जाग येते तेव्हा उरलेले अकरा ठोके वाजतात. म्हणजे सगळं त्या दोन ठोक्यांच्या मधलं! आणि डोळे उघडल्यावर तो आधी खालच्या दिव्यांत आपल्या घराची खिडकी शोधतो. ताऱ्यांचा थंड उजेड आणि माणसांनी एकमेकांच्या सोबतीने लावलेला इवलासा दिवा, दोन्ही त्याला हवे आहेत. तुम्ही एकच ठेवायला सांगताय.

जात्यावरची
मला खिडकीतला पुरे.

सह्यवारा
ठोक्यांचं माझ्या लक्षातच आलं नव्हतं. आणि चांदणवेल, ठिपक्याबद्दल तुम्ही म्हणता ते खरं आहे, त्यावर माझ्याकडे अजून उत्तर नाही. ताऱ्यांचं प्रकरण आज रात्री पुन्हा वाचतो, मग लिहितो.