महापौर ते विधान परिषदेचे उपसभापती : वसंत डावखरे यांची वाटचाल

घंटाळीकर
वसंत डावखरे १९८७ मध्ये ठाण्याचे महापौर झाले आणि १९९२ पासून २०१६ पर्यंत सलग विधान परिषदेवर राहिले. शिवसेनेचा एवढा जोर असलेल्या या शहरात आधी काँग्रेसचा आणि पुढे राष्ट्रवादीचा नेता चोवीस वर्षे कसा टिकला, हे कोडे मला सुटत नाही. ही महापौरपदाच्या कामाची पावती म्हणावी काय?

तलावपाळी
तसे म्हणता येणार नाही. त्या काळी महापौराची मुदत जेमतेम वर्षाची असे आणि १९४९ च्या महापालिका कायद्याने कार्यकारी अधिकार आयुक्तांकडे ठेवलेले आहेत. सभा चालवणे आणि शहराचा मान सांभाळणे यापलीकडे महापौराच्या हाती फारसे काही नसते. सतीश प्रधान हे ठाण्याचे पहिले महापौर, त्यांच्यानंतर डावखरे आले. शिरूर तालुक्यातून आलेल्या या गृहस्थाने त्या खुर्चीतून जोडली ती माणसे, आणि तीच पुढे कामाला आली, कारण ते स्थानिक स्वराज्य संस्थांच्या मतदारसंघातून निवडून जात. तेथे तुम्हाआम्हाला मत नसते. नगरसेवक, जिल्हा परिषद सदस्य आणि पंचायत समित्यांचे सभापती मतदान करतात आणि ते गुप्त असते. ठाण्याच्या सभागृहापासून डहाणू-जव्हारपर्यंत विखुरलेल्या या मोजक्या मतदारांपैकी प्रत्येकाशी, मग तो कोणत्याही पक्षाचा असो, ज्याचा घरोबा आहे, त्याला शहरातील लाट अडवू शकत नाही. सर्वपक्षीय मैत्री हे त्यांच्या स्वभावाचे कौतुक म्हणून सांगितले जाते. मला ते त्यांचे भांडवलही वाटते.

वाशीकर
याचा पडताळा २००९ मध्ये आला. कल्याण लोकसभा मतदारसंघात ते थेट जनतेसमोर उभे राहिले आणि शिवसेनेच्या आनंद परांजपे यांच्याकडून पराभूत झाले. त्याच वर्षी शिवसेनेचे राजन विचारे, तेही ठाण्याचे माजी महापौर, विधानसभेवर निवडून गेले आणि २०१४ मध्ये खासदार झाले. दोघेही माजी महापौर, परंतु एकाची वाट शाखांमधून गेली, दुसऱ्याची सभागृहांमधून. तथापि १९९८ पासून सांभाळलेले उपसभापतिपद केवळ ओळखींवर टिकले असते, असे मला वाटत नाही. सरकारे बदलली तरी त्या आसनावर त्यांचे नाव कायम राहिले, यामागे सभागृह चालवण्याचे कसब मानावेच लागेल.

घंटाळीकर
मग २०१६ मध्ये काय बिघडले? ओळखी तर त्याच होत्या.

तलावपाळी
ओळखी त्याच होत्या, पण मतदार तेच राहिले नव्हते. स्थानिक संस्थांमध्ये शिवसेना आणि भाजप यांचे संख्याबळ वाढले होते, दोन्ही पक्षांची ताकद एका बाजूला आली आणि शिवसेनेचे रवींद्र फाटक निवडून आले. ज्या नगरसेवकांनी चार वेळा तारले, त्यांच्याच मतपेटीने पाचव्या वेळी हात आखडता घेतला. ४ जानेवारी २०१८ रोजी डावखरे यांचे निधन झाले. पुत्र निरंजन यांनी मात्र वडिलांचा मतदारसंघ घेतला नाही. ते २०१२ पासून कोकण पदवीधर मतदारसंघातून निवडून येत आहेत, २०१८ पासून भाजपतर्फे. आणि २०२२ मध्ये फाटक यांची मुदत संपली, तेव्हा महापालिकांच्या निवडणुका रखडल्याने ठाण्याच्या या जागेसाठी मत द्यायला पुरेसे नगरसेवकच उरले नव्हते. जागा रिकामी राहिली.