मदत हवी आहे: शिनचॅनचे कोणते गाव आधी?

सप्रेम नमस्कार. माझी दहा वर्षांची भाची मराठी माध्यमात शिकते आणि मे महिन्यात आमच्याकडे राहायला येणार आहे. तिच्यासाठी निन्टेन्डो स्विच या व्हिडिओ गेमच्या यंत्रावरील शिनचॅनच्या दोन खेळांपैकी एक निवडायचा आहे, म्हणून जाणकारांचे मार्गदर्शन हवे आहे.

२०२१ साली जपानमध्ये आलेला पहिला खेळ काझ आयाबे यांनी दिग्दर्शित केला आहे. त्यात शिनचॅन आईच्या माहेरच्या कुमामोतो भागात, म्हणजे आपल्या भाषेत आजोळच्या मुलखात, उन्हाळ्याची सुट्टी घालवतो. जाळीने किडे पकडतो, मासे गळाला लावतो आणि रोजची चित्रमय दैनंदिनी भरतो. २०२४ चा दुसरा खेळ वडिलांच्या अकिता प्रांतातील खेड्यात घडतो आणि तिथून आगगाडीने एका गूढ कोळसानगरीत नेतो. माझा कल पहिल्याकडे आहे, कारण गेल्या सुट्टीत ही मुलगी टाचणवहीत चतुर आणि नाकतोडे यांची चित्रे काढून प्रत्येकाखाली सापडल्याची जागा लिहीत असे.

अडचण भाषेची आहे. ती इंग्रजी अक्षरे जुळवत, ओठ हलवत सावकाश वाचते. संवादाची ओळ बटण दाबेपर्यंत पडद्यावर थांबते का? पहिल्या खेळात एका दृश्यातून दुसऱ्यात जाताना दिवस पुढे सरकतो. त्यामुळे रेंगाळणाऱ्या मुलाचे काही कायमचे हुकते का? ज्यांनी आपल्या मुलांसोबत हे खेळ खेळले आहेत, त्यांनी कृपया अनुभव सविस्तर लिहावा.